वन्संचा रहिवास

नणंद-भावजयीचं सूत कधी जुळत नाही म्हणतात. आमचं जुळलं, आणि त्याचं श्रेय टूथब्रशला आहे. मी शहरात दातांच्या दवाखान्यात कामाला आहे. कंपन्यांची माणसं येतात, डॉक्टरांच्या टेबलावर नमुन्याचे ब्रश ठेवून जातात, डॉक्टर ते माझ्याकडे सरकवतात आणि मी त्यातले मऊ केसांचे निवडून वन्संना पाठवते. वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. त्या ब्रशांनी त्या गुहा घासतात.

हसू नका, मी एकदा हसून झाले आहे. त्यांचं गाव चुनखडीच्या डोंगरात आहे. खाली घळ, घळीच्या पोटात गुहा, आणि गुहेत पाण्याच्या थेंबांनी कोण जाणे किती काळ घालवून बनवलेले दगडी खांब, पडदे, झुंबरं. ते बघायला लोक येतात. लोकांना दिसावं म्हणून दिवे लावले. दिवे लावले म्हणून दिव्याजवळच्या दगडावर हिरवं शेवाळ धरायला लागलं. खरवडलं तर दगड जातो, औषध मारलं तर वटवाघळं जातात. म्हणून कोणीतरी बसून, मऊ ब्रशने, हळूहळू घासायचं. शिवाय येणाऱ्यांच्या कपड्यांचे तंतू आणि केस कोपऱ्यात साचतात, अगदी आपल्या पलंगाखाली साचतात तसे, तेही चिमट्याने उचलायचे. हे काम वन्सं करत. एका टोकाकडून सुरुवात करून दुसऱ्या टोकाला पोहोचेपर्यंत पहिलं टोक पुन्हा हिरवं झालेलं असे. घरातल्या भांड्यांसारखंच ते, फक्त इथं पगार मिळायचा.

त्या मुलखात पाणी थांबत नाही. पाऊस गाळणीत पडावा तसा जमिनीतून खाली जातो. चांगला खळाळता ओढा एका भोकात शिरतो आणि गायब होतो, तो पार खाली घळीत पुन्हा वर येतो. विहीर लागत नाही, तळं टिकत नाही. मी लग्नानंतर पहिल्यांदा गेले तेव्हा मला सगळं फिरून दाखवण्यात आलं आणि मी मनात म्हटलं, इथं काहीच थांबत नाही, थांबल्या त्या फक्त आमच्या वन्सं.

त्या का थांबल्या ते सांगते. माझे सासरे जिवंत होते तेव्हा तो सगळा मुलूख संरक्षित झाला. चांगलंच झालं, नाहीतर सिमेंटवाल्यांनी डोंगर पोत्यात भरून नेला असता. पण घळीच्या काठावर आमचं घर होतं, दोन खोल्या आणि स्वयंपाकघर, आणि ते आता क्षेत्राच्या आत आलं. नियम आले. घर वाढवायचं नाही, विकायचं नाही, भाड्याने द्यायचं नाही, खणायचं नाही. छपरावरचा दगड निसटला तर तसाच दगड बसवायचा, आणि क्षेत्रातला दगड उचलायला बंदी. मग बसवायचा कुठला? हे विचारायला सासरे एकदा क्षेत्राच्या कचेरीत गेले होते, तिथल्या माणसाने त्यांना चहा पाजला आणि परत पाठवलं.

सगळ्यात मोठा नियम राहण्याचा. जन्माने त्या घरातलं माणूस घरात राहत असेल तोवर घर आपलं. सुना, जावई, पाहुणे धरायचे नाहीत. घर एक हंगाम रिकामं राहिलं की हक्क संपला, मग कचेरी ते उतरवणार आणि जागा रानाला देणार.

आता असल्या घराला कोण कवटाळून बसेल? आमचे भाऊजी. म्हणजे माझे थोरले दीर, वन्संहून लहान, माझ्या नवऱ्याहून मोठे. त्यांचं शहरात चष्म्यांचं दुकान आहे. क्षेत्राच्या आत राहणाऱ्यांना कचेरी आज ना उद्या शहरात बदली जागा देणार, असं त्यांना कोणीतरी सांगितलं होतं. कोणी, ते त्यांनाही आठवत नाही. पण त्या आशेवर त्यांनी ते घोंगडं भिजत ठेवलं ते ठेवलंच. भाऊजी शहरात, माझा नवरा शहरात. तो लोकांना गाडी चालवायला शिकवतो. घरात मात्र त्याचा पाय कायम ब्रेकवर, भाऊ बोलला की हा थांबला. मग घरात राहायचं कोणी? सासूबाई आजारी होत्या म्हणून वन्सं राहिल्याच होत्या. सासूबाई गेल्या, सासरे गेले, वन्सं तिथंच. "तू आहेस म्हणून आम्हाला काळजी नाही," असं भाऊजी दर भेटीत म्हणत. एखाद्याला खोलीत कोंडून कडी घालण्यापेक्षा हे वाक्य जास्त मजबूत आहे, असं माझं मत झालं आहे.

वन्संचं लग्न झालं नाही, असं आमच्याकडे सांगतात. होऊ दिलं नाही, असं कोणी सांगत नाही. स्थळं येत होती. प्रत्येक वेळी, "एवढं जागेचं मार्गी लागलं की बघू," असं ठरे. जागेचं मार्गी लागलं नाही, स्थळं मार्गाला लागली.

आता त्या धुराची गोष्ट. घरात माणूस आहे की नाही हे तपासायचं काम पहारेकऱ्याचं. त्याची चौकी घळीच्या पलीकडच्या काठावर. समोरासमोर घर दिसतं, हाक मारली तर ऐकू जाईल असं वाटतं, पण यायचं म्हटलं तर घळ उतरा, नदी ओलांडा, पुन्हा चढा, दिवस मोडतो. म्हणून पहिल्यापासून एक रीत पडली. पहारेकरी सकाळी चौकीच्या ओट्यावर यायचा, दुर्बीण डोळ्याला लावायचा आणि धुराडं बघायचा. धूर दिसला की घरात माणूस आहे. कचेरीलाही हे मान्य, घरच्यांनाही मान्य. उंटावरून शेळ्या हाकायचा प्रकार, पण चालला होता. माझ्या लग्नाला वन्सं आल्या तेव्हा भाऊजींनी त्यांना बजावून सांगितलं होतं, "ताई, निघताना चुलीत ओलं लाकूड घालून ये." त्याप्रमाणे त्या ओलं लाकूड घालून आल्या आणि जेवण होताच परत गेल्या. सगळे फोटोला उभे राहिलो तेव्हा त्या नव्हत्या. माझ्या लग्नाच्या एकाही फोटोत वन्सं नाहीत.

अशा बाईच्या आयुष्यात वायरमन आला.

तो गुहेतल्या दिव्यांचा वायरमन. सपाट मुलखातून बदली होऊन आला होता, बायको वारलेली, मूलबाळ नाही. उंच, थोडा वाकलेला, गुहेत सतत डोकं सांभाळून चालायची सवय लागल्यामुळे रस्त्यावरही तसाच चालायचा. वन्संची आणि त्याची ओळख भांडणातून झाली. "तुम्ही लावता आणि मी पुसते," वन्सं त्याला म्हणाल्या, "एक दिवा कमी लावलात तर माझा खांदा वाचेल." त्याने ते मनावर घेतलं. एकेक दिवा सरकवून, वळवून, थंड दिवे बसवून तो शेवाळ कमी करायच्या मागे लागला. वन्संच्या खांद्यासाठी गुहेतला उजेड बदलणारा माणूस होता तो. आमच्या घरात कोणी त्यांच्यासाठी बल्बसुद्धा बदलला नव्हता.

त्याला त्यांचे डोळे दिसले. लाल, सतत पाण्याने भरलेले. चुलीच्या धुराने. भाऊजींचं चष्म्याचं दुकान, रोज दहा जणांचे डोळे तपासायचे, पण बहिणीचे कधी बघितले नाहीत. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा. वायरमन निवृत्त झाला तेव्हा जाताना त्याने वन्संच्या स्वयंपाकघरात नीट वायर ओढून विजेची शेगडी बसवून दिली. भिंतीला भोक पाडायचं नाही हा नियम सांभाळून, खिडकीच्या फटीतून वायर आणली. मग ओट्यापाशी हात पुसत म्हणाला, "बाई, मी आता माझ्या गावी जातोय. घर मोठं आहे आणि मी एकटा आहे. तुम्ही आलात तर मला बरं वाटेल. रीतसर, नोंदणी वगैरे करून."

वन्सं म्हणाल्या, "आणि या घराचं काय?"

"ते मला सांगता येणार नाही," वायरमन म्हणाला. "मी फक्त माझ्या घराचं सांगू शकतो."

हे मला वन्संनीच सांगितलं, आणि सांगताना त्या लाजल्या. पन्नाशी उलटलेली बाई लाजताना मी पहिल्यांदा पाहिली. मला रडूच आलं. त्यानंतर दर सुट्टीला त्याचा फोन यायचा, गुहेच्या तिकीटघरात, कारण वर घरात फोन लागत नाही. तिकीटवाली मान वळवून कान इकडे ठेवून बसायची. वन्सं बोलायच्या त्या शेवाळाबद्दलच. कुठल्या खांबाजवळ वाढलं, कुठे कमी झालं.

वन्संनी भाऊजींना विचारून पाहिलं. मी तिथंच होते. भाऊजी भडकले नाहीत, ते कधीच भडकत नाहीत, तीच तर अडचण आहे. ते म्हणाले, "जरूर कर ताई. आम्हाला काय आनंद नाही का? फक्त एवढं बदली जागेचं होऊ दे. आता अगदी तोंडाशी आलंय." वन्सं म्हणाल्या, "मग त्यांना इकडे राहायला बोलावू का?" तर भाऊजी म्हणाले, "नवरा झाला तरी तो जन्माने घरातला नाही ना. नियमात बसत नाही." मी नवऱ्याकडे बघितलं. त्याचा पाय ब्रेकवर होता.

त्यानंतर थंडी गेली, उन्हाळा आला, आणि एक दिवस कचेरीची नोटीस आली. भाऊजींच्या दुकानाच्या पत्त्यावर. घळीकाठचं आपलं घर पूर्ण हंगामभर रिकामं आढळलं आहे, हक्क का काढून घेऊ नये याची सुनावणी अमुक दिवशी होईल. भाऊजींना घामच फुटला. "रिकामं? ताई तिथं नाही तर कुठं आहे?" ते माझ्या नवऱ्याला विचारत होते, जशी काही याने बहीण गाडीच्या डिकीत ठेवली होती.

मला मात्र वाचतावाचताच कळलं. विजेच्या शेगडीला धूर येत नाही.

मी रजा टाकली आणि बसने वन्संकडे गेले. त्या गुहेत आत, खूप आत होत्या. तिकीटवालीने मला डोक्याला लावायचा दिवा दिला आणि वाट सांगितली. शेवटचा भाग असा आहे की दोन खडकांमधून आडवं सरकत जावं लागतं. मी मध्यावर अडकले. पाठीला दगड, छातीला दगड, पुढे जाववेना, मागे येववेना, आणि माझा श्वास मलाच मोठ्याने ऐकू यायला लागला. डोंगर आपल्याला हळूच मिठीत घेतोय आणि सोडणार नाही, असं वाटलं. मी वन्संना हाका मारत ओरडले.

"श्वास सोड, धाकटे," पलीकडून त्यांचा आवाज आला. "भरून धरलायस तू. सोड, म्हणजे जागा होते."

मी श्वास सोडला आणि सरकले. पलीकडे वन्सं गुडघ्यावर बसून माझ्या दवाखान्यातल्या ब्रशने दगडाचं एक फूल घासत होत्या. मी धापा टाकत नोटिशीचं सांगितलं. त्यांनी हात थांबवला नाही.

"वन्सं, तुम्हाला ठाऊक होतं?"

"आधी नव्हतं," त्या म्हणाल्या. "शेगडी आली, डोळ्यांची आग थांबली, मी आपली खुशीत. मग एक दिवस सकाळी अंगणात आले तर पलीकडे तो दुर्बीण लावून उभा. किती वेळ उभा. तेव्हा लक्षात आलं, हा धूर शोधतोय. आत गेले, चुलीत लाकडं रचली, काडी पेटवली. आणि फुंकून टाकली."

"का?"

"म्हटलं, बघू तरी काय होतं."

मग त्या माझ्याकडे वळल्या. डोक्यावरच्या दिव्याचा उजेड माझ्या डोळ्यात आला म्हणून त्यांनी तो हाताने झाकला. "मी कोणाला नाही म्हटलं नाही गं कधी. आताही म्हणणार नाही. कचेरीनेच म्हटलं घर रिकामं आहे, तर माझा काय दोष? घर गेलं की मला कोणी राख म्हणणार नाही. राखायला राहिलंच काय?"

मी त्यांना तिथंच, त्या चिखलात, मिठी मारली. अशी हुशारी आमच्या घरात कोणी केली नव्हती. दोघींनी ठरवलं. सुनावणीला वन्संनी यायचं, पण काही बोलायचं नाही. विचारलंच तर इकडेतिकडे बघायचं. घर जाईल. वायरमन त्या दिवशी कचेरीबाहेर येऊन थांबेल, आणि तिथूनच दोघं त्याच्या गावच्या बसने जातील. बाहेर आल्यावर वन्संनी तिकीटघरातून त्याला फोन केला आणि पहिल्यांदाच शेवाळ सोडून दुसरं काही बोलल्या.

सुनावणीच्या दिवशी भाऊजींनी वन्संना आमच्या घरी आणून बसवलं आणि परीक्षेला पोराला घोकून घेतात तसं घोकून घेतलं. "कोण राहतं विचारलं तर काय सांगशील, ताई? मी राहते. रोज राहते. एवढंच." वन्सं मान डोलवत होत्या. त्यांच्या पायाशी त्यांची पिशवी होती. "ही एवढी मोठी पिशवी कशाला?" भाऊजींनी विचारलं. "ब्रश आहेत," मी म्हटलं, आणि माझ्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं खोटं बोलल्याचं मला समाधान वाटलं.

कचेरीबाहेरच्या बाकावर वायरमन बसला होता. इस्त्रीचा शर्ट, पाय जवळ घेतलेले. वन्संनी भाऊजी पुढे जाईपर्यंत वाट बघितली, पिशवी त्याच्या शेजारी ठेवली आणि आत आल्या.

साहेबांची खोली लहान होती. एक खिडकी, ती कपाटाने अर्धी झाकलेली. आम्ही चौघं, साहेब, लिहून घेणारा कारकून आणि पहारेकरी, एवढ्या माणसांनी खोलीतली हवा संपवली. भाऊजींनी विजेची बिलं पुढे केली. साहेब भले होते. हसून म्हणाले, "बिल घराला येतं, माणसाला नाही. लोक एक दिवा जळत ठेवून शहरात निघून जातात. आणि जबानी आम्ही घरात राहणाऱ्याचीच घेतो, तुम्ही दोघं तर शहरात असता."

मग ते वन्संकडे वळले. "बाई, तुम्ही गुहेत कामाला आहात ना? तिथले बरेच लोक खालच्या कर्मचारी खोल्यांमध्ये राहतात. तुम्हीही तिथंच राहत असाल. वरच्या घरात ये-जा असेल, पण राहणं नसेल. असंच ना?"

सुटकेचं दार सताड उघडं होतं. फक्त गप्प बसायचं होतं. वन्संनी ठरल्याप्रमाणे खाली बघितलं. मी टेबलाखालून त्यांचा हात घट्ट धरला.

साहेबांनी पहारेकऱ्याला विचारलं. तो प्रामाणिक माणूस, सरळ उभा राहिला. "साहेब, मी रोज बघतो. चुकलेलो नाही. त्या घरात कोणी नाही."

वन्संनी मान वर केली. "मला नाही पाहिलंत?"

"नाही बाई."

"मी रोज सकाळी अंगणात असते. कपडे वाळत घालते. तुम्ही दुर्बीण लावलीत की तुम्हाला हात करते. पहिल्यापासून करते."

पहारेकरी गोंधळला. "मी धुराडं बघतो," तो म्हणाला. "खाली कधी बघितलं नाही. माणूस असतं तर धूर दिसला असता."

"ठीक आहे," साहेब कारकुनाला म्हणाले, "लिहा. सदर घरात कोणीही राहत नव्हतं."

माझ्या हातातला हात निसटला.

"असं लिहू नका," वन्सं म्हणाल्या.

मी त्यांच्याकडे बघितलं, त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. त्या उभ्या राहिल्या होत्या. "कोणीही नव्हतं, असं कसं? मी होते. आई तिथंच माझ्या मांडीवर गेली. बाबांना मी खाटेवरून खाली घेतलं, चार माणसं मिळेपर्यंत त्यांच्याजवळ बसून राहिले. छपराचा दगड सरकला तेव्हा रात्रभर गळतीखाली भांडी बदलत होते. भावाच्या लग्नात जेवून लगेच परत आले, फोटोलाही थांबले नाही. मला थंडीत ताप आला तेव्हा पाणी द्यायला कोणी नव्हतं, पण मी होते. माझा जन्म त्या घरात गेला, आणि तुम्ही लिहिताय कोणी नव्हतं? मग मी कुठं होते?"

त्यांचा आवाज चढला नव्हता. पण बोलायच्या थांबल्या तेव्हा कारकून लेखणी धरून तसाच बसला होता. भाऊजींच्या चेहऱ्यावर जिंकल्याचा आनंद पसरत होता. मला ओरडून सांगावंसं वाटत होतं, वन्सं, लिहू द्या हो त्यांना, त्यांच्या लिहिण्याने काय होतं? पण मला तोंड उघडता आलं नाही, कारण त्यांचं खरं होतं. आम्हीही इतकी वर्षं धुराडंच बघत होतो.

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "माफ करा, बाई," ते म्हणाले, आणि ते मनापासून म्हणाले. "लिहा, रहिवास सिद्ध." मग नियम सांगायला लागले. एकदा शंका आली म्हणजे आता वर्षभर पहारेकरी दर आठवड्याला प्रत्यक्ष दारात जाईल, बाईंची सही घेईल. त्या घरात सापडल्या नाहीत तर आजची जबानी खोटी धरली जाईल, आणि तो गुन्हा होतो, त्यांच्या नावावर. "तेव्हा वर्षभर कुठं जाऊ नका," ते काळजीने म्हणाले. "बाहेरचं कोणी घरात ठेवू नका. एवढं सांभाळलंत की हक्क तुमच्या हयातीपर्यंत पक्का."

वन्संनी सही केली. त्यांची सही मोठी, शाळेतल्या मुलीसारखी आहे, एकेक अक्षर लावून काढलेली. ती करून झाल्यावर त्या मला म्हणाल्या, अगदी हळू, "धाकटे, हे काय केलं गं मी?"

बाहेर आल्यावर भाऊजींनी त्यांच्या पाठीवर थोपटलं. "शाब्बास, ताई. असं कोणाला बोलता आलं नसतं." मग घड्याळ बघितलं, दुकान उघडायचं होतं. माझ्या नवऱ्याला शिकवणी होती. "तू जा ताईबरोबर," तो मला म्हणाला, आणि मी इतक्या वाईट नजरेने बघितलं की तो दोन पावलं मागे सरकला. तरी गेलाच.

बाकाजवळ वायरमन उभा राहिला होता. पिशवी त्याच्या हातात.

"काय विचारलं त्यांनी?"

"तिथं कोणी राहतं का, ते विचारलं," वन्सं म्हणाल्या.

"मग?"

"मी राहते म्हटलं."

त्याने पिशवी या हातातून त्या हातात घेतली. वर्षाचं आणि सहीचं मी सांगितलं, कारण वन्संना सांगता येईना. तो ऐकत होता. मला वाटलं, आता हा चिडेल, आता हा हात धरून ओढेल, चला म्हणेल, गुन्हा तर गुन्हा. मी त्या क्षणी तेवढ्यासाठी नवस बोलले असते.

"राहताच तुम्ही," वायरमन म्हणाला. "नाही कसं म्हणणार?"

बस स्टँडवर त्याच्या गावची गाडी एका टोकाला लागली होती, घळीकडची दुसऱ्या टोकाला. तो पिशवी घेऊन घळीकडच्या गाडीत चढला. खिडकीजवळची जागा रुमालाने पुसली, पिशवी वर ठेवली, हलवून बघितली पडत नाही ना, आणि उतरला. वन्सं चढताना त्याने त्यांच्या कोपराला आधार दिला. त्या दोघांना एकमेकांना शिवताना मी तेवढंच पाहिलं.

मला सगळ्यांचा राग आला होता. भाऊजींचा, नवऱ्याचा, त्या भल्या साहेबांचा, आणि सगळ्यात जास्त त्या वायरमनचा, कारण सगळ्या जगात त्याला एकट्यालाच वन्संचं म्हणणं मनापासून पटलं होतं. मी वन्संच्या शेजारी बसले. मी म्हटलं, "वन्सं, एक वर्ष. वर्ष काय, बघताबघता जातं." त्यांनी माझ्याकडे बघितलं. हे वाक्य त्यांनी आमच्या घरात पुष्कळ वेळा ऐकलं होतं.

गाडी सुटली. वन्सं समोर बघत बसल्या होत्या, हात मांडीवर. "लिहून तरी घेतलं," थोड्या वेळाने त्या म्हणाल्या.

त्यांनी मागे वळून पाहिलं नाही, मी पाहिलं. तो स्टँडवर तसाच उभा होता, डोकं थोडं वाकवून, आणि त्याच्या मागची जागा रिकामी होती. त्याची गाडी कधीच निघून गेली होती.